खोरा, कारिये आणि 'जिवंतांची भूमी': एका बायझंटाईन मठाच्या नावाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इस्तंबूल पाहून आलेले प्रवासी, इतिहासाचे विद्यार्थी, बायबलच्या अभ्यासवर्गाला जाणारे वाचक, सगळ्यांकडून एकाच मठाबद्दल विचारणा येत राहते. त्यातले बरेचसे प्रश्न शेवटी एकाच ठिकाणी येऊन थांबतात: याचं खरं नाव काय? म्हणून आलेले प्रश्न इथे एकत्र केले आहेत. एखाद्या मुद्द्याचं उत्तर आधीच येऊन गेलं असेल तर त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. खोरा मठ म्हणजे नेमका कोणता?

इस्तंबूलच्या वायव्य कोपऱ्यात एदिर्नेकापी नावाची वेस आहे. बायझंटाईन, म्हणजे पूर्व रोमन, साम्राज्याची राजधानी असलेल्या जुन्या कॉन्स्टँटिनोपलच्या तटबंदीतली ही एक मुख्य वेस. तिच्यापासून थोडं खाली उतरलं की विटा-दगडांच्या पट्ट्यांची, घुमटांची एक मध्यम आकाराची इमारत लागते. तीच ही. मठाच्या राहत्या खोल्या, भोजनगृह, ग्रंथालय यांतलं काही उरलेलं नाही, उरलं आहे ते मठाचं मुख्य चर्च. आतले मोझेक (बारीक रंगीत तुकडे जडवून केलेली चित्रं) आणि भित्तिचित्रं १३१५ ते १३२१ या सुमाराची आहेत आणि बायझंटाईन कलेत त्यांचं स्थान फार वरचं आहे. ग्रीक लिखाणात या जागेला 'खोरामधला मठ' किंवा नुसतं 'खोरा' म्हणतात, तुर्कीत 'कारिये'.

२. 'खोरा' या शब्दाचा अर्थ काय?

एकच अर्थ सांगता आला असता तर हे पान लिहावं लागलं नसतं. ग्रीक 'खोरा' म्हणजे जागा, प्रदेश, भूमी. शहराला लागून असलेला शेतीचा मुलूख, शिवार, हाही त्याचाच अर्थ. आणि काही मावण्यासाठी लागणारा अवकाश, हाही. त्याच मुळापासून 'खोरेओ' हे क्रियापद येतं. त्याला मराठीत 'मावणे' किंवा 'सामावून घेणे' म्हणता येईल. हे क्रियापद लक्षात ठेवा, प्रश्न ८ मध्ये सगळं त्याच्यावर उभं आहे.

उच्चाराचं म्हणाल तर पहिलं अक्षर आपल्या 'ख' आणि 'ह' यांच्या मधलं, घशातून घासत येणारं आहे. म्हणून कुणी 'होरा' ऐकतं, कुणी 'खोरा'. इंग्रजीवरून वाचणारे 'कोरा' म्हणतात.

३. आपल्या 'कृष्णा खोरं', 'कोयना खोरं' यातल्या 'खोरं'शी याचा संबंध आहे का?

नाही. ध्वनी जुळला, अर्थही जवळून गेला, इतकंच. मराठी खोरं म्हणजे नदीकाठचा सखल प्रदेश. ग्रीक खोरात नदीचा काही संबंध नाही. मात्र मठाच्या तुर्की नावाचा मराठीशी एक खरा, कागदोपत्री धागा आहे. तो प्रश्न १४ मध्ये पाहा.

४. मठ तटबंदीबाहेर होता म्हणून 'शिवारातला मठ' असं नाव पडलं, हे खरं का?

सर्वात जास्त सांगितलं जाणारं स्पष्टीकरण हेच, आणि माझ्या मते मुळाशी तेच आहे. सम्राट कॉन्स्टंटाईनने ३३० मध्ये नव्या राजधानीची प्रतिष्ठापना केली तेव्हा त्याची तटबंदी या जागेच्या बरीच आत होती. ही जागा तेव्हा खरोखरच गावकुसाबाहेर पडत होती.

बायझंटाईन लोकही हेच सांगत. दहाव्या शतकाच्या शेवटी राजधानीतल्या वास्तूंच्या कथा-दंतकथांचा 'पात्रिया' नावाचा संग्रह तयार झाला. त्याचं म्हणणं साधारण असं, की त्या ठिकाणी पूर्वी बायझंटियमकरांचं (कॉन्स्टंटाईनच्या आधीच्या जुन्या शहरातल्या लोकांचं) 'खोरिओन', म्हणजे खेडं, होतं म्हणून मठ 'खोरा'. पाठोपाठ तो दाखलाही देतो, की स्तुदिओसचा मठसुद्धा असाच एके काळी शहराबाहेर होता. पात्रिया हा भरवशाचा इतिहास नव्हे, त्यात भाकडकथा पुष्कळ आहेत. पण दहाव्या शतकातल्या माणसाला हे नाव ऐकून काय वाटत होतं, याचा तो चोख पुरावा आहे.

५. पण मठ सहाव्या शतकातला म्हणतात. सम्राट थिओडोसियसची नवी तटबंदी तर ४१३ मध्येच झाली. मग मठ जन्मापासूनच शहराच्या आत नाही का?

हा प्रश्न पाठवणाऱ्याने दोन तारखा शेजारी ठेवल्या आणि बरोबर नस पकडली. हिशोब खरा आहे. परंपरा सांगते त्या काळात मठ बांधला गेला असेल, तर त्या दिवशीही तो नव्या तटाच्या आतच होता.

दोन गोष्टी ध्यानात घ्याव्या लागतात. पहिली, दोन तटांमधला पट्टा शतकानुशतकं दाट वस्तीचा नव्हता. तिथे मळे होते, बागा होत्या, दफनभूमी होत्या, मठ होते आणि प्रचंड उघडे जलाशय होते. एतियसचा जलाशय खोरापासून चालत काही मिनिटांवर आहे. आज त्याच्या खड्ड्यात फुटबॉलचं मैदान आहे, म्हणजे केवढी मोकळी जागा तिथे होती याचा अंदाज यावा. तटाच्या आत असूनही माणसाला तिथे शिवारात आल्यासारखंच वाटत असणार.

दुसरी, जागेचं नाव मठापेक्षा जुनं असू शकतं. आधी लोक त्या भागाला खोरा म्हणत, मग तिथे मठ उभा राहिला आणि तो 'खोरामधला मठ' झाला. ग्रीक नावात 'मधला' हा शब्द आहे, आणि तो इथे फार मोलाचा आहे. मठ म्हणजे खोरा नव्हे. मठ खोरात आहे.

६. स्थापना कोणी केली? संस्थापकाचं नाव मठाला का नाही?

स्रोत एकमताने बोलत नाहीत. संत थिओडोरचं एक चरित्र श्रेय थिओडोरला देतं आणि तो सम्राज्ञी थिओडोराचा मामा होता असं सांगून मठ तिचा नवरा सम्राट जस्टिनियनच्या काळात, ५३६ मध्ये, नेऊन बसवतं. अभ्यासक या चरित्राला दंतकथा समजतात. पात्रिया संस्थापक म्हणून क्रिस्पोसचं (काही ठिकाणी प्रिस्कोस) नाव घेतो. हा सम्राट फोकासचा जावई. ६१२ मध्ये सम्राट हेराक्लियसने त्याला सक्तीने संन्यास दिला. चौदाव्या शतकातला विद्वान निकेफोरोस ग्रेगोरास याच मठात राहिला होता. तो लिहितो की पहिलं चर्च जस्टिनियनने लांबट आकाराचं बांधलं, ते काळाच्या ओघात पडलं आणि सम्राट अलेक्सियोस कोम्नेनोसच्या सासूने नवं उभारलं.

सासूबाईंपासून पुढे मात्र जमीन पक्की आहे. मारिया दुकेना यांनी अकराव्या शतकाच्या अखेरीस चर्च बांधलं. त्यांचा नातू इसाक कोम्नेनोस याने साधारण ११२० मध्ये त्याची मोठी दुरुस्ती केली. मग चौदाव्या शतकात सम्राटाच्या दरबारातला बडा अधिकारी थिओडोर मेटोखिटिस आला. आज दिसतं ते वैभव त्याचं.

तीन-तीन वेळा बांधूनही मठाला दुकेनाचं, इसाकाचं किंवा मेटोखिटिसचं नाव चिकटलं नाही. मोठ्या आश्रयदात्याचं नाव मठाला लागणं ही त्या शहरात रोजची गोष्ट होती (प्रश्न १३). इथे जुनं शिवाराचं नाव सगळ्यांना पुरून उरलं.

७. मोझेकवर 'जिवंतांची भूमी' असं लिहिलंय, ते कुठे?

चर्चमध्ये शिरताना आधी एक आडवी ओसरी लागते, बाह्य नार्थेक्स. तिच्यातून आतल्या ओसरीत जाणाऱ्या दाराच्या वर, कमानीच्या अर्धगोलात, ख्रिस्ताची छातीपर्यंतची मोठी प्रतिमा आहे. पार्श्वभूमी सोनेरी. डोक्याच्या दोन्ही बाजूंना त्याच्या नावाची ठरलेली संक्षिप्त अक्षरं, येशूची दोन आणि ख्रिस्ताची दोन, वर आडवी रेघ. ती अक्षरं कोणत्याही ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये दिसतील. त्यांच्या जोडीला इथे आणखी शब्द आहेत: 'ही खोरा तोन झोन्तोन', म्हणजे 'जिवंतांची भूमी'.

हे शब्द स्तोत्रसंहितेतले आहेत. मरणाच्या दारातून परत आलेला भक्त म्हणतो, मी जिवंतांच्या भूमीत परमेश्वरासमोर चालेन. ग्रीक बायबलमध्ये 'भूमी'साठी तिथे जो शब्द आहे तो हाच, खोरा. मेटोखिटिसच्या कारागिरांनी, किंवा बहुधा खुद्द मेटोखिटिसने, गावकुसाबाहेरच्या जागेचं नाव उचललं आणि ख्रिस्ताच्या खांद्याशी नेऊन ठेवलं. दारातून आत येणाऱ्याला सांगितलं जातंय की तू ज्या 'खोरा'त पाय ठेवतोयस ती माळावरची जागा नव्हे, ती हा स्वतः आहे.

चर्चच्या उजव्या अंगाला मेटोखिटिसने आपल्यासाठी दफनदालन बांधून घेतलं. त्याच्या अर्धघुमटात ख्रिस्त आदाम आणि हव्वेला थडग्यातून मनगट धरून बाहेर ओढतो ते प्रसिद्ध भित्तिचित्र आहे. दारावरचे ते शब्द आणि आतलं ते चित्र वेगळं पाहूच नये. ज्याला आपण इथेच पुरले जाणार हे माहीत होतं, त्या माणसाने हे शब्द निवडले आहेत.

८. आणि मारियेच्या प्रतिमेवर वेगळंच काही आहे म्हणे?

हो. ख्रिस्ताकडे पाहत उभे असाल तर आता पाठ फिरवा. ज्या दारातून आत आलात त्याच्या वर मारिया आहे, हात वर करून प्रार्थनेत, उदरापाशी बाल ख्रिस्त, दोन्हीकडे देवदूत. शब्द आहेत: 'ही खोरा तू आखोरितू'. मराठीत आणायचं तर 'जो कशातही मावत नाही त्याला सामावणारी जागा'.

ग्रीकमध्ये 'खोरा' आणि 'आखोरितोस' (न मावणारा) हे दोन्ही एकाच मुळाचे. मराठीत 'मावणं' आणि 'न मावणारा' ठेवले तर त्याची चव थोडी येते. ही कल्पना मेटोखिटिसची नाही. मारियेच्या स्तुतीचं आकाथिस्तोस हे फार जुनं स्तोत्र आहे, ते उभं राहून म्हणतात. त्यात तिला 'अमर्याद देवाला सामावणारी खोरा' म्हणून वंदन आहे. शहरातल्या प्रत्येकाच्या कानावरून ते गेलेलं. त्यामुळे दारावरचे शब्द वाचताना लोकांना त्याची चालसुद्धा आठवत असणार.

समोरासमोरच्या दोन दारांवर एकाच शब्दाचे दोन अर्थ, आणि येणारा माणूस त्या दोघांच्या मध्ये उभा. या इमारतीत मला सर्वात प्रिय असलेली जागा तीच. हीच जोडी आत मुख्य चर्चमध्येही पुन्हा येते.

९. मग मूळ अर्थ शिवार की आध्यात्मिक?

आधी शिवार, नंतर देव, असं मला वाटतं, आणि बहुतेक अभ्यासकांचा कलही तिकडेच आहे. नावातला 'मधला' (प्रश्न ५), पात्रियाचं खेड्याचं स्पष्टीकरण (प्रश्न ४) आणि शहरभर जागेवरून पडलेली इतर मठांची नावं, सगळं त्याच दिशेला बोट दाखवतं.

पण म्हणून दुसरा अर्थ मागाहून चिकटवलेला आणि खोटा, असं म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. चौदाव्या शतकात त्या मठात राहणाऱ्या साधूला 'खोरा' म्हटल्यावर आधी शेतं आठवत होती की स्तोत्र? माझी खात्री आहे की स्तोत्र. नावाचा जन्म कुठे झाला आणि एखाद्या काळात त्याचा अर्थ काय होता, हे दोन निराळे प्रश्न आहेत. दोन्हींना आपापलं उत्तर आहे.

१०. तुम्ही सांगितलेलं स्तोत्र कोणत्या क्रमांकाचं? आमच्या बायबलमध्ये जुळत नाही.

मराठी बायबलमध्ये स्तोत्र ११६, ओवी ९. ग्रीक बायबलमध्ये तेच ११४ वं आहे, कारण तिथे काही स्तोत्रं जोडलेली आणि काही तोडलेली आहेत. मठावरच्या लेखनात ११४ दिसलं तर चूक समजू नका.

११. मार्गदर्शिकेत 'सेंट सेव्हियर इन खोरा' लिहिलंय. हे गोव्याचे सेंट झेवियर का?

नाही, तरी गोंधळ होणं अगदी स्वाभाविक आहे. 'सेव्हियर' म्हणजे तारणारा, खुद्द ख्रिस्त. ती कुणा संताची ओळख नव्हे. जुन्या गोव्यात बॉम जेजूसच्या बासिलिकेत ज्यांचे अवशेष आहेत ते फ्रान्सिस झेवियर सोळाव्या शतकातले, आणि मठाचं नाव त्यांच्यापेक्षा कितीतरी जुनं. योगायोग इतकाच की 'झेवियर' हेसुद्धा मुळात जागेचंच नाव आहे. स्पेनमधल्या नवारे प्रांतातल्या त्यांच्या घराण्याच्या गढीचं, आणि बास्क भाषेत त्याचा अर्थ 'नवं घर'.

१२. मठ ख्रिस्ताला वाहिलेला की मारियेला?

चर्च ख्रिस्ताला, याबद्दल वाद नाही. आतल्या ओसरीत मुख्य दारावर मेटोखिटिस गुडघे टेकून चर्चची छोटी प्रतिकृती ख्रिस्तालाच अर्पण करतो आहे. डोक्यावर भलंमोठं, फुगीर, पट्ट्यापट्ट्यांचं शिरोभूषण. मराठी वाचक त्याला पाहताक्षणी पागोटं म्हणतील. पण मेटोखिटिसच्या कवितांमध्ये मठ वारंवार मारियेच्या छत्राखाली येतो, आणि प्रश्न ८ मधली जोडी पाहिली की मठ दोघांचा होता, चर्च ख्रिस्ताचं आणि मठ मारियेचा, या मताला बळ मिळतं. एखाद्या कागदात 'ख्रिस्ताचा', दुसऱ्यात 'देवमातेचा' दिसलं तर एकाला खोटं ठरवण्याची घाई करू नये.

त्याच ओसरीत आणखी एक भव्य ख्रिस्त आहे. त्याच्याजवळ 'खाल्कितिस' असं लिहिलंय, म्हणजे राजवाड्याच्या खाल्की नावाच्या कांस्यद्वारावरचा. तेही जागेचंच नाव. एकाच इमारतीत ख्रिस्ताला दोन पत्ते आहेत.

१३. बायझंटाईन मठांना एरवी नावं कशी पडत?

अनेक तऱ्हांनी. संस्थापकावरून: स्तुदिओस हा पाचव्या शतकातला एक बडा अधिकारी, त्याच्या नावाचा मठ इतका गाजला की तिथल्या साधूंना स्तुदितेस म्हणू लागले. लिप्सचा मठ नौदलातल्या कॉन्स्टंटाईन लिप्सचा, ९०७ चा. देवाच्या बिरुदावरून: पान्तोक्रातोर, म्हणजे सर्वसत्ताधीश. मारियेच्या बिरुदावरून: पाम्माकारिस्तोस, परमधन्य. प्रतिमेवरून आणि सेवेवरूनही.

नावावरून भांडणंही होत. मिरेलायोन या मठाच्या नावात सुगंधी, पवित्र तेल आहे. पात्रिया सांगतो की मूर्तिविरोधी सम्राट पाचव्या कॉन्स्टंटाईनने हेटाळणी म्हणून त्याचं 'प्सारेलायोन' केलं, म्हणजे माशाचं तेल. गोष्ट रचलेली असेल. तरी मठाचा अपमान करायचा तर नावाला हात घालावा, हे लोकांना किती सहज पटत होतं ते तिच्यात दिसतं.

दस्तऐवजात मात्र खोराचा उल्लेख बहुधा आखूड, नुसता 'खोरा' असतो. इसाक कोम्नेनोसने ११५२ मध्ये थ्रेसमधल्या आपल्या नव्या मठाची नियमावली लिहिली. तो सांगतो की तरुणपणी खोरामध्ये तयार करवलेल्या आपल्या थडग्याचे भाग काढून इकडे आणा, पण तिथलं माझं तरुणपणीचं चित्र मात्र तिथेच राहू द्या. कोणता खोरा, हे त्याला समजावून सांगावं लागलं नाही.

१४. 'कारिये' हे तुर्की नाव 'खोरा'चा अपभ्रंश आहे का?

नुसता अपभ्रंश नाही. १४५३ मध्ये शहर पडलं, आणि पुढे सुलतान दुसऱ्या बायेझीदच्या काळात वजीर आतिक अली पाशाने चर्चची मशीद केली. तिचं नाव रूढ झालं कारिये जामी. हा शब्द अरबी 'कर्या'वरून येतो, अर्थ खेडं. म्हणजे ग्रीक नावाचा अर्थच उचललेला, आणि ध्वनीही जवळचा सापडला म्हणून तो टिकला असावा. पात्रियाचं 'खोरिओन' आणि हे 'कारिये' शेजारी ठेवा: पाचशे वर्षांच्या अंतराने, दोन धर्मांच्या, दोन भाषांच्या माणसांनी त्या जागेत खेडंच पाहिलं.

आता मराठीचा धागा. 'कर्या'चं अरबी अनेकवचन 'कर्यात', आणि हा शब्द आपल्याकडे महसुली कागदांत शतकानुशतकं नांदला आहे. शिवकालीन पत्रांतली 'कर्यात मावळ' आठवा. काही गावं मिळून होणारा छोटा मुलकी विभाग तो कर्यात. चंदगड तालुक्यात आजही 'कर्यात भाग' म्हणतात. इस्तंबूलच्या कारियेचा आणि आपल्या कर्यातीचा मूळ शब्द एकच आहे, फक्त एक पश्चिमेला गेला, एक दख्खनमध्ये आला.

१५. इतर मठांची नावंही अशीच भाषांतरित झाली का?

क्वचितच, म्हणून तर कारिये वेगळं. पान्तोक्रातोरची झाली झेयरेक मशीद, मोल्ला झेयरेक या विद्वानावरून. लिप्सची फेनारी इसा. स्तुदिओसची इम्राहोर, म्हणजे शाही पागेच्या प्रमुखाची. पाम्माकारिस्तोसची फेतिये, म्हणजे विजयाची. मिरेलायोन तळघरांवर उभा होता, तर ती झाली बोद्रुम मशीद, तळघराची. जुन्या नावाचा मागमूस यांपैकी एकातही नाही.

१६. मेटोखिटिस 'थिओलेप्तोस' कसा झाला? हा दुसरा माणूस का?

तोच. १३२८ मध्ये राजकारण उलटलं, त्याला हद्दपार केलं गेलं. १३३० मध्ये परत येऊन तो आपल्याच बांधलेल्या मठात राहिला आणि १३३२ मध्ये तिथेच गेला. संन्यास घेताना नवं नाव घेतात आणि पुष्कळदा पहिलं अक्षर तेच ठेवतात: थिओडोरचा थिओलेप्तोस. आतल्या ओसरीतल्या मोठ्या ख्रिस्ताच्या पायाशी वाकलेली 'मेलानी, मंगोलांची राणीसाहेब' हिला बहुतेक अभ्यासक मंगोल इलखानाशी (इराणच्या मंगोल राजाशी) लग्न झालेली राजकन्या मारिया समजतात. मारियाची मेलानी, पुन्हा 'म'.

पदव्याही तपासाव्यात. अर्पणचित्रात मेटोखिटिस स्वतःला 'गेनिकोनचा लोगोथेत' म्हणतो, म्हणजे खजिन्याचा प्रमुख. १३२१ मध्ये तो त्याहून वरच्या, महालोगोथेत या पदावर गेला. वरची पदवी चित्रात नाही, म्हणजे चित्र त्याआधीचं. मोझेकचा काळ ठरवायला याचा मोठा उपयोग झाला.

१७. जुन्या ग्रीक मजकुरात 'खोरा' दिसलं की हाच मठ समजावा का?

मुळीच नाही. बहुतेक वेळा तो साधा शब्द असतो, प्रदेश या अर्थाचा. शिवाय एजियन समुद्रातल्या कित्येक बेटांवर मुख्य गावालाच खोरा म्हणतात. सर्वात फसवं उदाहरण पात्मोस बेटाचं: तिथल्या खोरा गावात संत योहानाचा प्रख्यात मठ आहे. त्याची सनद अलेक्सियोस कोम्नेनोसने १०८८ मध्ये दिली, म्हणजे ज्याच्या सासूने आपला खोरा बांधला तोच सम्राट. शतक एक, सम्राट एक, शब्द एक, मठ दोन.

खात्रीसाठी माणसं पाहा. मिखाएल सिंकेलोस (मृत्यू ८४६) मठाधिपती म्हणून येतो, पदच्युत पॅट्रिआर्क (मुख्य धर्मगुरू) कीरोस ७१२ च्या सुमारास तिथे कोंडला जातो, किंवा १४५३ च्या वेढ्यात मारियेची होदिगित्रिया ही प्रतिमा तटाजवळच्या मठात आणून ठेवतात आणि शहर पडल्यावर सैनिक तिचे तुकडे करतात. अशा ठिकाणी खोरा म्हणजे हाच.

१८. या मठाचा आणि पैठणचा काही संबंध आहे, असं ऐकलं.

ग्रंथांतून आहे. माक्सिमोस प्लानुदिस हा विद्वान साधू तेराव्या शतकाच्या अखेरीस काही वर्षं खोरामध्ये राहिला. प्राचीन ग्रीक विद्वान टॉलेमीचा भूगोलग्रंथ तेव्हा जवळजवळ विस्मरणात गेला होता. १२९५ मध्ये प्लानुदिसला त्याची प्रत सापडली आणि त्याने त्याचं नव्याने काम सुरू केलं. त्याच ग्रंथात 'बैठना' आहे, सिरोप्टोलेमायोसची राजधानी म्हणून. ते आपलं पैठण, आणि तो राजा सातवाहन श्री पुळुमावी. सोपारा आणि चौल हेही त्यात आहेत. प्रत नेमकी खोरामध्येच हाती लागली असं मी म्हणत नाही. ज्या मठात तो राहत होता तो हाच, इतकं पुरेसं आहे.

१९. नावं अशी बदलण्याचं दुसरं मोठं उदाहरण कोणतं?

सिनाई. चौथ्या शतकाच्या अखेरीस एगेरिया ही यात्रेकरू तिथे गेली तेव्हा मोशेचं जळतं झुडूप हीच तिथली ओळख होती. सहाव्या शतकातला इतिहासकार प्रोकोपियस सांगतो की जस्टिनियनने तिथे देवमातेचं चर्च बांधलं. चर्चच्या गाभाऱ्यातला मोझेक ख्रिस्ताच्या रूपांतरणाचा, त्यामुळे ते नावही चालू झालं. संत कॅथरिनचं नाव मध्ययुगात उशिरा रुळलं. मठ स्वतःला मात्र 'देवाच्या पावलांच्या सिनाई पर्वताचा' म्हणतो. सहाव्या शतकाबद्दल लिहिताना 'सेंट कॅथरिन मठ' लिहिणं सोयीचं आहे, पण तेव्हा तिथल्या कुणालाही ते नाव कळलं नसतं.

२०. आता तो मठ आहे, चर्च आहे, संग्रहालय आहे की मशीद?

१९४५ मध्ये सरकारने मशिदीचं संग्रहालय करायचं ठरवलं. १९४७ पासून अमेरिकी तज्ज्ञांनी चुन्याखालचे मोझेक साफ केले, १९५८ मध्ये संग्रहालय खुलं झालं. २०२० मध्ये पुन्हा मशीद करण्याचा आदेश निघाला आणि मे २०२४ मध्ये नमाजासाठी दारं उघडली. म्हणून आजचं अधिकृत नाव कारिये मशीद.

२१. मग मी माझ्या प्रबंधात कोणतं नाव लिहू?

ज्या काळाबद्दल लिहिताय त्या काळाचं. १४५३ पर्यंत 'खोरा मठ', आतिक अली पाशाने मशीद केल्यानंतरच्या घटनांसाठी 'कारिये', आणि पहिल्या उल्लेखात दोन्ही. एखाद्या स्रोताचा अनुवाद देत असाल तर त्याने लिहिलंय तेच ठेवा. त्याने 'खोरामधला' म्हटलं असेल तर 'मधला' गाळू नका. विसाव्या शतकाच्या सुरुवातीची युरोपीय पुस्तकं चाळताना 'कहरिये' असं लेखन भेटेल, तेही इथलंच. आणि 'सेंट सेव्हियर' टाळा. का, ते प्रश्न ११ मध्ये आलंच आहे.